बेल्लिनोची टोपी

संडरलंड
रविवार, १४ ऑक्टोबर १९५६

ती. हेस्टरताईस,
सा. न. वि. वि.

आजचा अख्खा दिवस गाडीत गेला. रविवारी या देशात फक्त मासे आणि खेळवाले प्रवास करतात असं आमच्यात म्हणतात, आणि आज डब्याच्या वासावरून दोघांत फरक करणं अवघड होतं. इथली घरमालकीण मिसेस टॅटरसॉल मागच्या खेपेपेक्षा जाड झाली आहे आणि तिचा रस्सा तेवढाच पातळ. पण अंथरूण कोरडं आहे, तेवढं पुरे.

आता बातमी. बसून वाच. टेलिव्हिजनवाल्यांचं बोलावणं आलं आहे. आमचे एजंट लव्हेलसाहेब एरवी माझ्या तीन पत्रांना मिळून एक उत्तर देतात, त्यांनी आपणहून तार केली. पुढच्या महिन्यात लंडनला जायचं. शनिवार संध्याकाळचा तो मोठा कार्यक्रम, गाणारे, नाचणारे, तारेवरून चालणारे सगळे ज्यात असतात, आणि म्हणे निम्मा देश जेवण टाकून बघतो. तिथला एक साहेब मागच्या आठवड्यात न्यूकॅसलला येऊन मला भेटला. अगदी कोवळा पोरगा. त्यानं विचारलं की तुम्ही नेमकं करता काय. ज्या खेळावर आपल्या घरची चूल आजवर पेटली तो मला तोंडानं सांगावा लागला, ताई! म्हटलं, काळ्या फेल्टचं एक रुंद कडं आहे, मध्ये डोकं जाईल एवढं भोक. ते पिळून डोक्यावर ठेवलं आणि चेहरा बदलला की मी नेपोलियन. पुन्हा पिळलं की मठातली नन. मग न्यायाधीश, कोळी, प्रवचनात पेंगणारी म्हातारी, अशा वीसेक टोप्या. प्रत्येकीला वाद्यवृंदाची वेगळी सुरावट, आणि माझ्या तोंडातून एक शब्द नाही. सगळ्यांत शेवटी तो दारुडा, ज्याला आपली टोपी कुठली तेच आठवत नाही, म्हणून तो घाबरून सगळ्या एकामागून एक घालून बघतो. साहेब खूप हसला. ही युक्ती तुमचीच का म्हणाला. मी म्हटलं, युक्ती कुणाची ते देव जाणे, पण बेल्लिनो हे नाव आणि हे कडं दोन्ही वडिलांचं. त्यांचे हात थरथरायला लागले तेव्हा त्यांनी मला दिलं.

बाबांना तू सांग. मला धीर होत नाही. ते अजून रेडिओशीसुद्धा परक्या पाहुण्याशी बोलावं तसे वागतात.

नॉर्मनभावोजींना नमस्कार. लोभ आहेच, टेलिव्हिजनमुळे तो वाढला तर मी तक्रार करणार नाही.

तुझा,
एडगर


टॉडमॉर्डन
गुरुवार, १८ ऑक्टोबर १९५६

चि. एडगर यास,
अ. उ. आ.

तुझं पत्र मी गिरणीत जेवणाच्या सुटीत वाचलं ही माझी चूक झाली. मागांच्या खडखडाटात आम्हा बायकांना एकमेकींचे ओठ बघून बोलणं कळतं, हे तुला ठाऊक आहे. मी आपली ओठ हलवत वाचत होते, तर सुटी संपायच्या आत साऱ्या खात्याला कळलं की बेल्लिनो टेलिव्हिजनवर जाणार. संध्याकाळी घरी पोचले तर खाटीक दारात उभा राहून बाबांचं अभिनंदन करत होता आणि बाबा कशाबद्दल म्हणून विचारत होते.

त्यांनी आधी पाइप विझवला, मग पुन्हा पेटवला, आणि मग मला कागद घ्यायला सांगितला. त्यांचं म्हणणं लिहिते, शिव्या गाळून. ते म्हणाले की मी दहा मिनिटांच्या खेळावर उभा जन्म काढला, तो खेळ फार मोठा होता म्हणून नव्हे. एक गाव तो दोन वर्षांतून एकदा बघतं. बघतं, हसतं, विसरतं, आणि विसरलं की पुन्हा तिकीट काढून बघायला येतं. लोकांच्या विसरण्यावर आपलं पोट आहे. आता हा पोरगा एका संध्याकाळी सगळ्या देशाला एकदम दाखवणार, मग सोमवारी जाणार कुठल्या गावाला?

मी म्हटलं, पोराला जरा सुख लागू दे. त्यावर म्हणाले की सुख लागू दे, पण पाच-सहा टोप्या दाखवाव्यात आणि नमस्कार करून आत यावं. आणि दारुडा तर मुळीच दाखवायचा नाही. दारुडा ज्याला बघायचा असेल त्यानं थिएटरात यावं.

माझं विचारशील तर मला आनंदच झाला आहे, पण धास्तीही वाटते. इतकी वर्षं तू लोकांना टोप्या घालतोस. आता तुला कुणी घालणार नाही एवढं बघ. लोकरीचे मोजे वेगळे पाठवले आहेत.

जीव आहे तुझ्यावर, म्हणून बोलते. तो असाच असू दे.

तुझी ताई,
हेस्टर


लंडन
रविवार, २५ नोव्हेंबर १९५६

ती. हेस्टरताईस,
सा. न. वि. वि.

काल तुम्ही बघितलंच असेल. रात्रभर झोप नाही, तरी थकवा कसा तो नाही.

सकाळी गेलो तेव्हा सवयीनं माझी सुरावटींची पानं रंगमंचाची कड समजून पुढे नेऊन ठेवली. आमच्याकडे सोमवारी ज्याची पानं आधी, त्याची तालीम आधी. तिथे रंगमंच नाहीच, नुसत्या जमिनीवर आखलेल्या खडूच्या रेघा. सगळे हसले. एका बाईनं ती पानं उचलून कुणाची तरी पडली आहेत का म्हणून विचारलं. मी ओशाळलो, पण हसलो.

बाबांना सांग, मी ठरवल्याप्रमाणे सहाच टोप्या घेऊन उभा राहिलो होतो. शपथेवर सांगतो. पण माझ्या आधीच्या गायिकेचा घसा बसला आणि तिचं दुसरं गाणं गळालं. वेळ उरली. सहावी टोपी झाली, मी वाकणार, तोच कॅमेऱ्याखाली बसलेला माणूस पाक ओढावा तसे दोन्ही हात लांब करू लागला. म्हणजे अजून, अजून. मी सातवी केली, आठवी केली. समोर प्रेक्षक इनमिन दोनशे, पण असे हसत होते, ताई, की मला वाटलं या दिव्यामागे सगळा देश बसला आहे आणि माझ्या हाताकडे बघतो आहे. खोटं कशाला सांगू, नंतर त्या माणसानं हात खाली घेतले तरी मी थांबलो नाही. सगळ्या केल्या. दारुडाही केला.

लव्हेलसाहेबांनी मला मिठी मारली. फोन सारखा वाजतो आहे म्हणे. बाबा काय म्हणाले ते लगेच लिही, आणि वाईट म्हणाले असतील तर जरा सांभाळून लिही.

तुम्हा सर्वांचा, आणि आज जरा जगाचाही,
एडगर


टॉडमॉर्डन
गुरुवार, २९ नोव्हेंबर १९५६

चि. एडगर यास,
अ. उ. आ.

दृष्ट काढायला हवी तुझी. नॉर्मननं भाड्यानं टेलिव्हिजन आणला आणि शनिवारी आमच्या बैठकीत गल्ली लोटली. दोघं कोळशाच्या पेटीवर उभे होते, पेटी मोडली. ननच्या टोपीला पाद्रीबुवा इतके हसले की त्यांच्या बायकोनं त्यांना चिमटा काढला. आता रस्त्यात मला कुणी हेस्टर म्हणत नाही, बेल्लिनोची बहीण म्हणतात. मला ते आवडतं, सांगून ठेवते.

बाबा पहिल्या खुर्चीत ताठ बसले होते. सहावीपर्यंत मान डोलावत होते. सातव्या टोपीला मान थांबली. दारुडा सुरू झाला तसे उठले आणि माणसांतून वाट काढत वर निजायला गेले. लोकांना वाटलं, आनंदानं गहिवरले.

सकाळी चहा घेताना आपणहून म्हणाले की पोरानं दारुडा माझ्यापेक्षा चांगला केला. मी आजवर असं काही त्यांच्या तोंडून ऐकलं नव्हतं. मग खिडकीबाहेर बघत विचारलं की नाताळनंतर त्याला कुठली कुठली गावं मिळाली आहेत. मी म्हटलं, पुष्कळ. ते म्हणाले, बरं.

तू खूश आहेस तर आम्हीही खूश. जेवणाची आबाळ करू नकोस.

तुझी ताई,
हेस्टर


ब्रॅडफर्ड
गुरुवार, १३ फेब्रुवारी १९५८

ती. हेस्टरताईस,
सा. न. वि. वि.

पत्राला उशीर झाला. चांगली बातमी आली की लिहू असं म्हणत होतो, त्यात वेळ गेला.

पहिलं वर्ष मी सोन्याचं म्हणेन. जाहिरातीत माझं नाव लव्हेलसाहेबांच्या टकलापेक्षा मोठं आणि चकचकीत होतं. आता त्याच गावांतून पुन्हा फिरतो आहे. सोमवारी इथे पहिल्या खेळाला न्यायाधीश झाल्यावर मी कडं पिळायला घेतलं, तोच दुसऱ्या रांगेतल्या एका बाईनं नवऱ्याला मोठ्यांदा सांगितलं की आता नन येणार. नन आली. टाळ्या पडल्या, पण त्या तिला पडल्या, ओळखल्याबद्दल. पुढच्या प्रत्येक टोपीला लोक आधीच नाव घेऊ लागले. दारुडा तर सगळ्यांनी मिळून केला. मी नुसता तिथे होतो.

मॅनेजर भला माणूस. म्हणाला की तुमच्यात खोट काही नाही, पण हे त्यांनी घरी सपाता घालून बघितलं आहे, त्यासाठी बूट घालून बाहेर कोण येईल? नवीन काही असेल तर आणा. नवीन कुठून आणू? टोपी बघून हसायला टोपी ओळखीची हवी. रस्त्यात बघ, तरुण पोरं बोडकी फिरतात, डोक्याला तेल चोपडून. बोडक्या माणसाची टोपी कशी करतात ते बाबांना विचार.

इथलं थिएटर उन्हाळ्यात बंद होणार आहे. गोदाम होणार म्हणतात.

तुझा लोभ तेवढा एका गावात दोनदा चालतो, म्हणून बरं.

एडगर


टॉडमॉर्डन
रविवार, २३ फेब्रुवारी १९५८

चि. एडगर यास,
अ. उ. आ.

तुझं पत्र बाबांना वाचून दाखवलं. मी तुला सांगितलंच होतं असं ते म्हणतील म्हणून मी कंबर कसून बसले होते. पण माझा अंदाज चुकला. दुसऱ्या दिवशी मी गिरणीतून आले तर स्वयंपाकघराच्या टेबलाशी बसून त्यांनी नॉर्मनच्या रविवारच्या टोपीची कड कात्रीनं कापून काढली होती आणि थरथरत्या हातांनी ती पिळत होते. तुझ्यासाठी नवीन टोप्या शोधत होते! नॉर्मन आज चर्चला बोडका गेला. तो रागावला नाही, त्याचा स्वभाव तुला ठाऊक आहे.

त्यांनी एक अंतराळवीर केला आहे. मला तो न्हाणीघरातून निघालेल्या बाईसारखा दिसला, पण मी हसले. तसंच एक मोटारसायकलवाला पोरगा. खूण म्हणून कागदावर काढून पाठवते.

एक सांगायचं होतं. बाबा थोडे विसरायला लागले आहेत. परवा किटलीत चहाऐवजी तंबाखू टाकली. काल मला दोनदा आईच्या नावानं हाक मारली. टोप्यांची नावं मात्र घडाघड म्हणतात, तुमच्या वाद्यवृंदाच्या सुरावटींसकट.

नॉर्मनच्या गोदामात एक जागा आहे. नुसतं सांगते, रागावू नकोस. गोदामात कुणी पुढची गाठोडी ओळखून टाळ्या वाजवत नाही.

तुझं बरं व्हावं एवढीच इच्छा.

तुझी ताई,
हेस्टर


लंडन
रविवार, १३ सप्टेंबर १९५९

ती. हेस्टरताईस,
सा. न. वि. वि.

बाबांचा अंतराळवीर मी उन्हाळाभर समुद्रकाठच्या खेळात केला. मुलांना तो मधमाश्या पाळणारा वाटला. हे बाबांना सांगू नकोस, खूप चालला म्हण.

टेलिव्हिजननं पुन्हा बोलावलं. मी धावत आलो. पण बोलावणं मला नव्हतं, माझ्या हातांना होतं. डिकी फॅरो नावाचा एक विनोदी नट सध्या फार गाजतो आहे, तू बघितलाच असशील. गोल चेहरा, सारखा बडबडतो. त्याला आपल्या कार्यक्रमात टोपीचा खेळ हवा आहे. तो मी शिकवायचा. त्या कोवळ्या साहेबानं, आता त्याचेही केस विरळ झालेत, मला शब्द दिला की शेवटी नामावलीत बेल्लिनो हे नाव येईल. तीन आठवडे शिकवलं.

पोरगा वाईट नाही, ताई. मला सर म्हणतो. त्याची बोटं जाडी आहेत, नन त्याला कधी नीट जमणार नाही, पण कॅमेऱ्याला ते कळत नाही. आणि त्यानं जे केलं ते मला कधी सुचलं नाही. तो दर शनिवारी एकच टोपी करतो. एकच. वर तोंडानं तिची गोष्ट सांगतो. आठवडाभर लोक पुढची कुठली म्हणून वाट बघतात. मी एका संध्याकाळी उधळलं ते तो वर्षभर पुरवून खाणार आहे.

मी का शिकवलं असं विचारू नकोस. नाही म्हटलं असतं तर तो माझ्या जुन्या कार्यक्रमाची फीत बघून शिकला असता. निदान नीट शिकला.

राग आला तरी लोभ काढून घेऊ नकोस.

एडगर


टॉडमॉर्डन
मंगळवार, २२ सप्टेंबर १९५९

चि. एडगर यास,
अ. उ. आ.

राग आलाच आहे. शनिवारी मी नामावली शेवटपर्यंत वाचली. केस विंचरणाऱ्या बाईचं नाव आहे, फुलवाल्याचं आहे. तुझं नाही.

बाबांना मी हे कळू देणार नाही. त्यांच्या काळात दुसऱ्याचा खेळ चोरणाऱ्याबरोबर कुणी एका घरात राहत नसे, एका टेबलावर जेवत नसे. तू तो स्वतःच्या हातानं देऊन आलास हे त्यांना समजायचं नाही, मलाही नीट समजलेलं नाही. शनिवारी त्या वेळी त्यांना लवकर वर नेऊन निजवत जाईन.

नॉर्मन म्हणतो, जागा अजून आहे.

हेस्टर


बार्न्सली
रविवार, ५ नोव्हेंबर १९६१

ती. हेस्टरताईस,
सा. न. वि. वि.

तू पाठवलेला पार्किन केक पोचला. आज शेकोट्यांची रात्र, बाहेर पोरं होळ्या पेटवताहेत आणि मी तो एकटाच खातो आहे. थिएटरं आता उरली नाहीत म्हटलं तरी चालेल. मी खाणकामगारांच्या क्लबांतून खेळ करतो. रविवारी दुपारी, बिअर आणि तंबोल्याच्या मध्ये. वाद्यवृंद म्हणजे एक पियानो, आणि पियानोवाला मधूनमधून बिअर प्यायला उठून जातो.

आज दुपारी तिसऱ्या टोपीला मागच्या टेबलावरून एकजण ओरडला की हा तर डिकीचा खेळ, डिकीसारखं बोलून तरी दाखव. मग सगळे ओरडू लागले, बोल, बोल. मी बोललो नाही. मला बोलता येत नाही, ताई. तेवीस वर्षं तोंड मिटून काम केलं. सहाव्या टोपीला क्लबाचा चिटणीस आला, माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि मला आत घेऊन गेला. म्हणाला की राग मानू नका, पण नक्कल करायची तर चांगली करावी. मी त्याला काही सांगितलं नाही. सांगितलं असतं तर त्यानं विश्वास ठेवला असता आणि मला त्याची कीव बघावी लागली असती.

बाकी प्रकृती उत्तम. लोभ करत राहा, कारण विचारू नकोस.

एडगर


टॉडमॉर्डन
रविवार, १८ फेब्रुवारी १९६२

चि. एडगर यास,
अ. उ. आ.

हे पत्र लिहू का नको यात दिवस गेला. काल संध्याकाळी बाबा वर जायला तयार होईनात. खुर्चीचे हात धरून बसले. मी म्हटलं बसू दे, हल्ली त्यांना कुठे काय कळतं. डिकी फॅरो आला आणि त्यानं कोळ्याची टोपी केली.

बाबा खुर्चीत पुढे सरले. इतक्या महिन्यांत त्यांच्या चेहऱ्यावर असा उजेड मी बघितला नव्हता. म्हणाले, आपला एडी! मी म्हटलं, बाबा, तो दुसरा आहे, त्याचा चेहरा बघा. त्यांची नजर अजून चांगली आहे. समोरच्या छपरावरचे कावळे मोजतात. पण त्यांनी चेहरा बघितलाच नाही. ते म्हणाले की हा खेळ आपल्या घरचा, दुसरं कोण करणार? त्यांच्या लेखी ज्याच्या हातात खेळ, तोच माणूस. मग टाळ्या वाजवल्या. नॉर्मनला हाक मारून सांगितलं की बघ, पोरगा शिकला, आता एकेकच दाखवतो.

आज सकाळी दारावरून जाणाऱ्या प्रत्येकाला सांगत होते. खाटकानं माझ्याकडे बघितलं आणि मग त्यांना म्हणाला, हो आजोबा, एडगर झकास करतो. मी स्वयंपाकघरात जाऊन रडले.

काय करू ते तू सांग. खरं सांगायचं तर मी सांगेन, पण तू म्हणशील तरच.

तुझी ताई,
हेस्टर


डॉनकास्टर
गुरुवार, २२ फेब्रुवारी १९६२

ती. हेस्टरताईस,
सा. न. वि. वि.

सांगू नकोस. दर शनिवारी त्यांना पुढच्या खुर्चीत बसव आणि आवाज मोठा ठेव. निदान एका माणसाला तरी वाटतं की मी अजून टेलिव्हिजनवर आहे.

मे महिन्यात एक रविवार मोकळा आहे. घरी येईन. बाबांना भेटावंसं फार वाटतं. माझ्या हातात कडं बघितलं की ते मला ओळखतील.

तोवर माझ्या वाटचा लोभ त्यांना दे.

एडगर


डॉनकास्टर
सोमवार, १४ मे १९६२

ती. हेस्टरताईस,
सा. न. वि. वि.

तुम्ही चर्चमधून परत यायच्या आत मी निघून गेलो, ओव्हनमधलं मटण तसंच टाकून, म्हणून तू चिडली असशील. तुला समोर सांगणं मला जमलं नसतं. लिहिणं जमेल असं वाटतं.

तुम्ही दोघं गेल्यावर मी बाबांजवळ शेकोटीपाशी बसलो. त्यांनी मला विमा कंपनीचा माणूस समजून फार अदबीनं चहा विचारला. मी म्हटलं, बाबा, मी एडी. ते हसले. म्हणाले की एडी लंडनला असतो, टेलिव्हिजनवर, तुम्ही बघत नाही का? मग तासभर मला माझ्याबद्दल सांगत होते. पोरगा आधी उधळ्या होता, पण शेवटी बापाचं ऐकलं. आता सगळा देश त्याची वाट बघतो. ताई, आयुष्यात माझं एवढं कौतुक मी त्यांच्या तोंडून ऐकलं नव्हतं, आणि ते ऐकायला मी परका असावा लागलो.

मला राहवलं नाही. खिशातून कडं काढलं आणि त्यांच्यासमोर नन केली. चांगली केली. इतकी चांगली मी कित्येक महिन्यांत केली नव्हती. मला वाटलं होतं, हात बघून तरी ओळखतील.

ते पांढरेफटक पडले. हे कुठून आणलंत म्हणून विचारलं. मी म्हटलं, तुम्हीच दिलंत. त्यावर ते उठले. महिनोन्‌महिने आधाराशिवाय न उठलेला माणूस काठी न घेता उठला. म्हणाले की तुमच्यासारखे पुष्कळ बघितले, तिसऱ्या रांगेत बसून खेळ चोरून नेणारे. हे माझ्या मुलाचं आहे, त्याच्या तोंडचा घास आहे, द्या इकडे. आणि त्यांनी कडं माझ्या हातातून ओढून घेतलं. त्यांच्या हातात जोर तो काय राहिलाय? मला धरून ठेवता आलं असतं. मी सोडलं.

मग मी माफी मागितली. दुसरं काय करणार होतो? पुन्हा कधी हा खेळ करणार नाही असा शब्द द्या म्हणाले. मी त्यांच्या हातावर हात ठेवून शब्द दिला. तेव्हा कुठे ते निवळले. मला बसवलं, पाठीवर थोपटलं. म्हणाले की तुझे हात चांगले आहेत पोरा, अजून तरुण आहेस, स्वतःचं काहीतरी शोध. मी सत्तेचाळीस वर्षांचा आहे, ताई.

कडं त्यांनी बसायच्या उशीखाली ठेवलं आहे. एडी आला की त्याला देणार म्हणाले. ते तिथून काढू नकोस आणि मला टपालानं पाठवूही नकोस. क्लबांना मी आजच कळवलं की यापुढे येणार नाही. नॉर्मनभावोजींना विचार, गोदामातली जागा अजून मोकळी आहे का. मी खालच्या गल्लीत खोली घेईन. बाबांच्या समोर फारसा येणार नाही, त्यांना उगाच त्रास.

माझ्यावरचा लोभ आता परक्या माणसाला देतात तेवढा दिलास तरी मी घेईन. एक मात्र कर. एडी कधी येणार असं बाबांनी विचारलं, तर शनिवारी येईल म्हणून सांग.

तुझा,
एडगर